काळी दोनचा गंधार

माझ्या वडिलांना अख्खं बळेपेट अण्णा म्हणायचं, म्हणून मीही अण्णाच म्हणायचे. मी घरातली थोरली, म्हणून ते मला अक्का म्हणायचे. बाप पोटच्या मुलीला अक्का म्हणतो, याची पुण्याहून आलेल्या पाहुण्यांना फार गंमत वाटायची. वाटू दे. आमच्या चार पिढ्या बंगळुरात गेल्या. आमच्या मराठीत कन्नड कुठून शिरलं हे शोधत बसायला आम्हाला वेळ नव्हता.

बळेपेटात अण्णांचं पेटीदुरुस्तीचं दुकान होतं. दुकान कसलं, दोन माणसं मांडी घालून बसली की तिसऱ्याने पायरीवर उभं राहायचं. भजनी मंडळांच्या, शाळांच्या, नाटकवाल्यांच्या पेट्या तिथे पोट उघडून पडलेल्या असत. अण्णा पितळी सूर एकेक करून काढत, बारीक कानशीने घासत, परत बसवत, भाता मारून ऐकत आणि पुन्हा काढत. पेटी घेऊन कुणी आलं की काय बिघडलंय हे ते नंतर विचारत. पहिला प्रश्न ठरलेला असे, "गाणारं कोण? कुठल्या पट्टीत गातं?" गाणारा काळी एकमध्ये गात असेल तर पेटी काळी एकलाच 'सा' धरून लावायची, म्हणजे त्या 'सा'चा गंधार अगदी खरा लागतो. बाजारच्या तयार पेटीतला गंधार किंचित चढा असतो. तुम्हाआम्हाला ते कळत नाही, पण अण्णांना तो चपलेत खडा गेल्यासारखा टोचायचा. त्यांनी लावलेल्या पेटीवर गाणारा 'सा'वरून गंधारावर आला, की ते डोळे मिटून म्हणत, "आय्तु." झालं. स्वतःची पाठ थोपटण्याची त्यांची एवढीच पद्धत होती.

हे आधीच सांगून ठेवते, कारण पुढचं सगळं या गंधारापायी घडलं.

मी सात वर्षांची असताना कॅन्टोनमेंटमधलं एक अँग्लो-इंडियन कुटुंब ऑस्ट्रेलियाला निघालं आणि जाताना त्यांनी आपला उभा पियानो अण्णांच्या गळ्यात मारला. चार हमालांनी तो मल्लेश्वरमच्या आमच्या घरात आणून ठेवला. त्यानंतर पुढच्या खोलीत पंगत बसली की एकाला पियानोखाली पाय घालून जेवावं लागे. आईने त्यावर पितळी समई ठेवली. अण्णांनी ती उचलून खाली ठेवली. आईने परत वर ठेवली. पंधरा दिवसांनी समई हरली.

कॅन्टोनमेंटमधल्याच एका म्हाताऱ्या ट्यूनरकडून अण्णा पियानो लावायला शिकले, पण ते काम त्यांना मनातून कधी पटलं नाही. पियानोत कुठल्याच पट्टीचा गंधार खरा नसतो. बाराही सूर मुद्दाम थोडे थोडे सरकवून ठेवायचे, म्हणजे कुठूनही सुरुवात केली तरी सारखंच चालतं. एकही पट्टी अगदी गोड नाही, एकही अगदी कडू नाही. अण्णा म्हणत, "सगळ्यांना थोडं थोडं दुखवायचं, म्हणजे एकटं कुणी रडत नाही. हा त्यांचा पियानो." आणि तोंड वाकडं करून ते नेमका तसाच लावत. गिऱ्हाइकाच्या कामात त्यांनी आपलं मत कधी घुसडलं नाही. एकदाच घुसडलं.

मला शिकवायला फ्रेझर टाउनच्या एक मिस मिळाल्या. त्या पांढरे हातमोजे घालून बाजारात जायच्या आणि मासळीवाल्याशी अस्सल गल्लीच्या तमिळमध्ये भांडायच्या. त्यांनी मला बोटं कशी वाकवायची ते शिकवलं, नाचाच्या धुना शिकवल्या, आणि शुक्रवारी शिकवणी संपली की त्या जॅझच्या तबकड्या लावायच्या. त्या तबकड्यांतला पियानोवाला एका पट्टीत धून सुरू करायचा, बघता बघता दुसऱ्याच घरात शिरायचा, तिथून तिसऱ्या, आणि शेवटी काही झालंच नाही अशा थाटात पहिल्या दारात परत. मी त्या भटकण्याच्या प्रेमात पडले. मला तेव्हा घरचे आठव्या क्रॉसच्या, म्हणजे आमच्या आडव्या रस्त्याच्या, पुढे एकटीला सोडत नव्हते, त्यामुळेही असेल.

पुढे मी एका मोठ्या हॉटेलात दुपारच्या चहाच्या वेळी वाजवायला लागले. आमच्या नातेवाइकांत 'हॉटेलात वाजवते' हे तीन वेगवेगळ्या आवाजांत बोललं जायचं आणि तिन्ही मला आवडायचे नाहीत. एका लग्नात एका मावशीने चारचौघींत विचारलं, "काय गं, अजून हॉटेलातच का?" मी म्हटलं, "हो, तुमच्यासाठी टेबल राखून ठेवू?" आई आठ दिवस माझ्याशी बोलली नाही. माझा स्वभाव असाच आहे, आधी तोंड उघडतं आणि मग अक्कल येते.

अण्णा मात्र काहीच बोलले नाहीत. चांगलं नाही, वाईट नाही. त्या हॉटेलचा पियानोही तेच लावायचे, तीन महिन्यांतून एकदा, सकाळी, दिवाणखाना रिकामा असताना. मी दुपारी जायचे. पियानोपुढचं गोल स्टूल मला पाहिजे त्यापेक्षा खाली फिरवलेलं दिसलं की मला कळायचं, अण्णा येऊन गेले. मी ते माझ्या उंचीला फिरवून घ्यायचे. इतक्या वर्षांत त्या स्टुलावर आम्ही दोघं आलटूनपालटून बसलो, पण मी वाजवत असताना ते कधी आले नाहीत. खांबाजवळच्या एका खुर्चीवर मी नजर ठेवून असायचे. तिथे बहुतेक वेळा कुणीतरी पेपर वाचत बसलेलं असे.

नव्वदचं दशक नुकतं सुरू झालं होतं, तेव्हा मला रेडिओवर दर रविवारी संध्याकाळी साडेपाचचा अर्धा तास मिळाला. जॅझच्या तबकड्या लावायच्या आणि मध्ये मध्ये इंग्रजीत बोलायचं. सुरुवातीची ओळखधून मी स्वतः स्टुडिओतल्या पियानोवर वाजवायचे, दर वेळी नव्याने. धून माझीच होती, सव्वा मिनिटाची, काळी दोनमधली. काळी दोनच का, तर माझ्या बोटांना तिथे ऐसपैस वाटायचं, दुसरं कारण नाही. धून संपली की मी 'नमस्कार, संध्याकाळ कशी आहे' अशा अर्थाचं काहीतरी बोलायचे आणि पहिली तबकडी लावायचे.

आई कार्यक्रम न चुकता ऐकायची. तिला इंग्रजी येत नव्हतं. मी घरी आले की ती तपासणी केल्यासारखी सांगायची, "आज दोनदा खोकलीस. थंड पाणी प्यायलीस ना?" तिच्यासाठी तो माझ्या तब्येतीचा कार्यक्रम होता.

आणि अण्णा? दर रविवारी पावणेपाच वाजले की अण्णा चपला घालायचे, छत्री घ्यायचे आणि बस पकडून दुकानात जायचे. रविवारी बळेपेट बंद. गिऱ्हाईक नाही, शेजारी नाही. साडेपाचला माझा कार्यक्रम आणि पावणेपाचला अण्णा घराबाहेर. हे मला आईनेच सांगितलं, सहज, भाजी निवडता निवडता. मला ते इतकं लागलं की मी पुन्हा त्या विषयावर आलेच नाही. हॉटेलात लोक कौतुक करत होते. पार होसकोट्याहून एक शाळामास्तर दर महिन्याला कार्ड पाठवत होते. पण मला एकच श्रोता हवा होता, आणि तो दर रविवारी माझ्यापासून पळून बस पकडत होता.

अशी पाच-साडेपाच वर्षं गेली. एक दिवस आई म्हणाली, "यांना कुकरच्या शिट्ट्या मोजायला सांगितल्या तर म्हणतात, वाजलीच नाही. भाताचा लगदा झाला." आम्ही हसलो. पुढच्या आठवड्यात दाराची घंटा वाजली, अण्णा तिच्याच शेजारी बसले होते, आणि त्यांनी मान वर केली नाही. कानाच्या डॉक्टरांनी तपासून मला बाजूला घेऊन सांगितलं की बारीक, वरचे आवाज आधी जातात, मग हळूहळू मधलेही. किती दिवसांत ते सांगता येत नाही. अण्णांना त्यांनी काही सांगितलं नाही, आणि सांगायची गरजही नव्हती. आयुष्यभर कानावर जगलेला माणूस. त्याला आधीच ठाऊक होतं.

मी घाबरले. अण्णांनी मला एकदा, फक्त एकदा, नीट बसून ऐकावं, एवढंच मला आयुष्यात त्यांच्याकडून हवं होतं, आणि आता त्याला मुदत लागली होती.

त्याच सुमारास रेडिओवरचे आमचे साहेब म्हणाले की एका रविवारी तबकड्या नकोत, अर्धा तास सगळा तुम्हीच वाजवा, थेट प्रसारण करू. स्टुडिओतला मोठा पियानो जो ट्यूनर लावायचा, तो नेमका गाव सोडून मुलाकडे गेला होता. मी म्हटलं, माझे वडील लावतील. घरी येऊन अण्णांना सांगितलं. ते कॉफी पीत होते.

"कुठला पियानो?"

"रेडिओवरचा. येत्या रविवारी मी अर्धा तास वाजवणार आहे, अण्णा. तबकड्या नाहीत. सगळं मीच."

"सरी," अण्णा म्हणाले. बरं. आणि कॉफी संपवली.

मी उभी राहिले. आता विचारतील, काय वाजवणार, कसं वाजवणार. त्यांनी पेला विसळून पालथा घातला. मला इतका राग आला की मी खोलीत जाऊन दार आपटलं. पस्तिशीतली बाई दार आपटते हे शोभत नाही, पण आपटलं.

शनिवारी ते हत्यारांची पिशवी घेऊन सकाळी दहाला गेले आणि संध्याकाळी सहाला आले. एरवी त्यांना पियानो लावायला अडीच-तीन तास पुरत. आई म्हणाली, "एवढा वेळ?" ते म्हणाले, "मोठा आहे." मला वाटलं, वय झालं, कान साथ देत नाहीत, चाचपडले असतील. तरी मी रविवारी लवकर जाऊन पियानो तपासायचा विचार केला नाही. अण्णांनी लावलेला पियानो तपासायचा म्हणजे आईच्या हातचं वाढलेलं ताट हुंगून बघण्यासारखं होतं. आणि जाऊन उपयोगही झाला नसता. आमच्या आधी एका कन्नड नाटकाचं रेकॉर्डिंग लांबलं होतं. ते लोक स्टुडिओतून बाहेर पडले तेव्हा साडेपाचला तीन मिनिटं होती. मी पट्ट्या रुमालाने पुसल्या, स्टूल वर फिरवून घेतलं, आणि प्रसारणाचा लाल दिवा लागला.

ओळखधून सुरू केली. काळी दोन, आणि तिसऱ्या सुरावर गंधार.

माझे हात थांबले असते, पण लाल दिवा लागला होता. असा गंधार मी त्या पियानोतून कधी ऐकला नव्हता. मी कुठल्याच पियानोतून ऐकला नव्हता. तो 'सा'त असा मिसळून गेला की दोन सूर आहेत हे कळेना. सगळा पियानो एखाद्या मोठ्या तंबोऱ्यासारखा भरून आला. सव्वा मिनिटाची ती धून, मी शेकडो वेळा वाजवलेली, त्या दिवशी मला पहिल्यांदा सुंदर वाटली.

धून संपता संपता माझ्या ध्यानात आलं. अण्णांनी पियानो पेटीसारखा लावला होता. काळी दोनला 'सा' धरून, एकेक सूर खरा. दिवसभर बसून दोनशेवर खुंट्या फिरवून. आणि ते गाणाऱ्याची पट्टी विचारल्याशिवाय कधी पेटी लावत नसत. मला त्यांनी विचारलं नव्हतं. मग माझी पट्टी काळी दोन आहे हे त्यांना कसं कळलं?

विचार करायला वेळ नव्हता. दुसरी चीज पांढरी दोनमधली होती. मी पहिली सुरावट वाजवली आणि तोंडचं पाणी पळालं. फाटकं, कडू, शेजारशेजारचे सूर एकमेकांवर ओरडत होते. साहजिकच होतं ते. एका घराला एवढं गोड केलं की बाकीच्या घरांच्या वाट्याला कडूच उरतं. आणि माझं सगळं वाजवणं म्हणजे या घरातून त्या घरात. काचेपलीकडे आमचे साहेब खुर्चीवरून अर्धे उठले.

मी चार मात्रा डाव्या हाताने नुसता ठेका धरला आणि ती चीज अर्ध्या सुराने उचलून काळी दोनवर आणली. वर्षानुवर्षं बोटांत मुरलेली चीज अशी उचलली की बोटं नवशिकी होतात. म्हणून मी सावकाश वाजवलं. भटकायच्या जागा आल्या की त्या गाळल्या. जिथे दुसऱ्या घरात शिरायचे, तिथे उंबऱ्यावरून परत फिरले. तिसरी चीज काळी दोनमध्ये, चौथीही काळी दोनमध्ये. पंचवीस मिनिटं मी घराबाहेर पडले नाही. जिला भटकण्यासाठीच हे संगीत आवडलं होतं, ती मी, अण्णांनी आखून दिलेल्या अंगणात शहाण्या मुलीसारखी खेळत राहिले. मला रडू येत होतं आणि मजाही येत होती, दोन्ही एकदम.

दिवा विझल्यावर साहेब आत आले. "चेन्नागित्तु, मॅडम," ते म्हणाले. छान झालं. मग मान खाजवत म्हणाले, "पण मध्ये काय झालं? पियानोत काही घोटाळा आहे का? बुधवारी दुसऱ्यांचं रेकॉर्डिंग आहे."

"मीच तसा लावायला सांगितला होता," मी म्हटलं. "आजच्यापुरता. बुधवारच्या आत पूर्ववत करून देऊ."

बाहेर येऊन मी ऑटोवाल्याला मल्लेश्वरमऐवजी बळेपेट सांगितलं.

बंद दुकानांच्या रांगेत एकच शटर अर्धं वर होतं. मी वाकून आत गेले. अण्णा मांडी घालून बसले होते. मांडीवर एक उघडी पेटी, आणि फळीवर, मी या आधी कधी न पाहिलेला, एक छोटा ट्रान्झिस्टर. बंद केलेला.

"आलीस? स्वल्प सरकून बस, तिथे सूर पडलेत."

मी सरकून बसले. काय विचारायचं हे वाटभर ठरवलं होतं, तरी आवाज नीट निघेना. "अण्णा, माझी पट्टी काळी दोन आहे, हे तुम्हाला कुणी सांगितलं?"

"सांगायला कशाला पाहिजे?" त्यांनी पेटीची काळी दोन दाबून दाखवली. "दर रविवारी तू तिथूनच तर सुरू करतेस."

"म्हणजे तुम्ही ऐकता?"

"घरी तुझी आई मध्ये बोलते. 'ऐका, खोकली', 'ऐका, खोकली'. इथे शांत असतं."

"मग इतकी वर्षं बोलला का नाहीत?"

"काय बोलू? तेवढं तू वाजवतेस तेवढं ऐकतो, मग बंद करतो. पुढे तू इंग्लिशमध्ये काहीतरी म्हणतेस आणि दुसरेच कोण कोण वाजवतात. त्यांच्याशी मला काय करायचंय? सेल जातात उगाच."

साडेपाच वर्षं. मल्लेश्वरमहून बसने बळेपेट, शटर अर्धं वर करायचं, सव्वा मिनिट ऐकायचं आणि रेडिओ बंद. मी त्याला पळून जाणं समजत होते. स्वतःच्या शहाणपणाची इतकी लाज मला आधी कधी वाटली नव्हती, आणि नंतरही नाही.

अण्णांनी कानस उचलून तिच्यावरचा पितळेचा भुगा फुंकला. मग म्हणाले, "आज सगळं ऐकलं. बंद नाही केलं."

मी खाली पडलेले पितळी सूर एकेक करून फळीवर ठेवू लागले.

"दुसऱ्या गाण्याला तू पांढरी दोन धरलीस. मला वाटलं, चुकली. मग कळलं, तू नाही चुकलीस." त्यांनी कानस खाली ठेवली. "दर रविवारी पियानोतला तो चढा गंधार ऐकून वाटायचं, माझी मुलगी एवढं चांगलं वाजवते आणि तिलाच खोटा सूर. एकदा तरी खरा देऊ. माझे कान आहेत तोवर. तुझं बाकीचं गाणं फिरस्तं आहे, हे मला ठाऊकच नव्हतं, अक्का."

कसं ठाऊक असणार? मी तरी कधी सांगितलं होतं? खांबाजवळच्या खुर्चीकडे मी वर्षानुवर्षं बघत बसले, पण 'अण्णा, आज चार वाजता या' असं एकदाही म्हटलं नाही. ते आपणहून आले तरच खरं, असा माझा हट्ट होता. आणि तिने बोलावलं तरच जायचं, असा बहुतेक त्यांचा. आम्ही दोघं एकाच मातीचे.

"घोटाळा केला ना मी?" अण्णांनी विचारलं.

"नाही," मी म्हटलं. "मला घरीच बरं वाटत होतं." हे खोटं होतं आणि खरंही होतं. मग मला रडू आवरलं नाही. अण्णांनी हात पुसायचं फडकं पुढे केलं. त्याला तेलाचा आणि लाखेचा वास होता, आणि त्याने डोळे पुसल्यावर माझ्या गालावर काळा पट्टा उमटला. तसाच घेऊन मी घरी गेले. आईने विचारलं, "पडलीस कुठे?"

मंगळवारी आम्ही दोघं स्टुडिओत गेलो. अण्णांना एकट्याने जायचं होतं. मी ऐकलं नाही. ते पियानोत वाकून खुंट्या फिरवत होते आणि मी पट्ट्या दाबत होते. मधल्या सप्तकात त्यांचा कान अजून माझ्यापेक्षा दसपट तल्लख होता. वर गेलो तसे ते मंदावले. शेवटच्या दीड सप्तकात त्यांनी पाना खुंटीला लावला, मी पट्टी दाबली, आणि ते माझ्या तोंडाकडे बघत राहिले.

"वर," मी म्हटलं. त्यांनी फिरवलं. "अजून स्वल्प. जास्त झालं. खाली. हां."

"आय्तु?"

"आय्तु."

असा एकेक सूर. दीड सप्तक लावायला दोन तास गेले. त्याआधी आम्ही बापलेकीने एवढा वेळ एकत्र बसून काही केल्याचं मला आठवत नाही. मध्ये एकदा त्यांनी विचारलं, "ते फिरस्तं गाणं वाजवून दाखव." मी वाजवलं, सगळी घरं हिंडून परत आले. ते पियानोवर हात टेकून, मान खाली घालून उभे होते. ऐकत होते की लाकडातून येणारा कंप हाताने घेत होते, मला माहीत नाही. संपल्यावर म्हणाले, "बरीच लांब जातेस. पण येतेस परत."

अखेर फक्त एक सूर उरला. मधल्या सप्तकातली पांढरी पाच, म्हणजे माझ्या काळी दोनचा गंधार. तो त्यांनी शेवटी ठेवला होता. पाना खुंटीला लावला आणि थांबले. मी पट्टी दाबली. तो अजून शनिवारचा होता, खरा.

"हा राहू दे का?" अण्णांनी विचारलं. गिऱ्हाइकाला विचारतात तसं नाही, मुलीला विचारतात तसं.

दुसऱ्या पट्ट्यांत तो सूर थोडा उतरल्यासारखा वाटणार होता. तयार कानाचे लोक तक्रार करणार होते. मी म्हटलं, "राहू दे."

तक्रारी आल्याच. बुधवारी आलेल्या वादकाने सांगितलं, एक सूर उतरलाय. मी म्हटलं, ठाऊक आहे. तो पियानो पुढेही अण्णा आणि मीच लावत राहिलो, तो एक सूर तसाच ठेवून. होसकोट्याच्या मास्तरांनी त्याच महिन्यात कार्डावर लिहिलं की त्या रविवारी तुम्ही कुणाला तरी झोपवायला गात असल्यासारखं वाजवलंत, तसं पुन्हा वाजवा. मी पुन्हा तसं कधी वाजवलं नाही. माझं भटकणं चालू राहिलं. पण दर रविवारी ओळखधुनीत तिसऱ्या सुराला गंधार यायचा, आणि बळेपेटात अर्ध्या शटरमागे कुणीतरी डोळे मिटायचं. पुढे दुकानाची पायरी चढवेना तेव्हा ते घरीच ऐकू लागले, रेडिओला कान लावून. आई त्या सव्वा मिनिटात बोलायची बंद झाली. तिने आणखी काय करावं?

दोन वर्षांनी अण्णा गेले. शेवटी शेवटी त्यांना माझी हाकही ऐकू येत नव्हती, पण मी त्यांचा तळवा घरच्या पियानोच्या लाकडावर ठेवून काळी दोन वाजवली की ते मान हलवायचे.

दिवसकार्य झाल्यावर पहिल्याच रविवारी मी स्टुडिओत गेले. साहेबांनी मधल्या काळात बाहेरगावच्या एका ट्यूनरला बोलावून घेतलं होतं. तो हातातल्या काट्याच्या यंत्रावर बघून पियानो लावायचा. मोठा सज्जन माणूस. माझ्यासाठी मुद्दाम थांबला होता. म्हणाला, "मॅडम, मधला एक सूर बराच उतरला होता. आता नीट केलाय."

मी त्याचे आभार मानले. स्टूल वर फिरवायला गेले, तर ते माझ्याच उंचीचं होतं.

लाल दिवा लागला. मी काळी दोन वाजवली, दुसरा सूर वाजवला, आणि तिसऱ्या सुराच्या जागी हात नुसता उचलून धरला. एक मात्रा रिकामी गेली. मग पुढे गेले. कार्यक्रम बंद होईपर्यंत ती धून मी तशीच वाजवली.